गोळी रोज लागते

काही वर्षं मी एका आरोग्य प्रकल्पात रिपोर्ट लिहायचं काम केलंय. फील्डवर जाणारी माणसं वेगळी, आम्ही तिघं-चौघं ऑफिसात बसून त्यांनी पाठवलेले आकडे एक्सेलमध्ये भरायचो, त्याचा सहामाही अहवाल करायचो आणि पैसे देणाऱ्या परदेशी संस्थेला पाठवायचो. कामाला लागले त्या पहिल्याच आठवड्यात मला एक जाडजूड पीडीएफ वाचायला दिली. मला वाटलं आजाराबद्दल असेल, औषधांबद्दल असेल. ती होती लोगोबद्दल. लोगो कडेपासून किती लांब हवा, निळा रंग नेमका कुठला, शेजारी दुसऱ्या कुणाचा लोगो असेल तर तो मोठा दिसता कामा नये, औषधाच्या खोक्यावर कुठे, गाडीच्या दारावर कुठे, लसीच्या फ्रीजवर कुठे. एकदा एका बॅनरवर माझ्याकडून सरकारी आरोग्य खात्याचं चिन्ह जरा मोठं गेलं, तर आमचे सीनियर, ज्यांना सगळेच दादा म्हणायचे, ते शांतपणे म्हणाले, "अगं, आकडा चुकला तर दुरुस्त करता येतो. लोगो चुकला की फोन येतो."

तेव्हा हसले होते मी. पण ते वाक्य डोक्यात राहिलं. कारण खोक्यावरचं ते नाव पेशंटसाठी नव्हतंच ना, तापाने फणफणलेल्या माणसाला काय पडलीये कुठल्या देशाच्या जनतेकडून ही गोळी आली त्याची. ते नाव बाकीच्यांसाठी होतं, म्हणजे बघणारे, मंत्री, पत्रकार, शेजारचा देश, आणि पैसे देणाऱ्या देशातले मतदार.

आमच्या अहवालात माणसाला माणूस म्हणायची सोय नव्हती, 'लाभार्थी' म्हणायचं. आणि देणं-घेणं जे काही चाललंय त्याला 'भागीदारी'. मराठीत या सगळ्याला आधीपासून एक नेमका शब्द आहे जो मी कुठल्याच अहवालात लिहू शकले नाही, मिंधा. कर्जदार वेगळा, त्याला व्याज माहीत असतं, हप्ता माहीत असतो, फेडलं की सुटला. मिंध्याला काही फेडायचं नसतं, फक्त वेळ आली की गप्प बसायचं असतं. आणि वेळ कधी येईल ते देणारा ठरवणार.

आता लगेच कुणी म्हणेल की म्हणजे मदत वाईट, सगळा डाव आहे. तसं नाही म्हणायचंय मला. देणाऱ्याचा स्वार्थ असतो याचा धक्का बसायचं वय गेलं. उलट मला तर वाटतं की स्वार्थाने जगाचं बरंच भलं पण केलंय. देवीचा रोग बघा. सोव्हिएत युनियन १९४९ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेतून रुसून बाहेर पडलं होतं, काही वर्षांनी परत आलं आणि १९५८ मध्ये मिनियापोलिसला, म्हणजे थेट अमेरिकेच्या अंगणात भरलेल्या सभेत त्यांच्या व्हिक्टर झ्दानोव्ह यांनी प्रस्ताव ठेवला की देवी जगातून संपवूया. अमेरिकेचा जोर तेव्हा मलेरियावर. दोघांनाही दाखवायचं होतं की गरीब देशांची काळजी आम्हालाच जास्त आहे. पुढे सोव्हिएत संघाने कोट्यवधी डोस फुकट दिले, १९६७ पासून जी जोरदार मोहीम चालली तिचं नेतृत्व डोनाल्ड हेंडरसन या अमेरिकन डॉक्टरने केलं, आणि १९८० मध्ये देवी संपली असं जाहीर झालं. पोलिओचं तर त्याहून गमतीशीर, अल्बर्ट सेबिन अमेरिकन, पण त्यांच्या तोंडी लशीची खरी मोठी चाचणी झाली १९५९ मध्ये सोव्हिएत मुलांवर, मिखाईल चुमाकोव्ह यांच्या मदतीने, आणि १९६१ मध्ये जपानात पोलिओची साथ आली, आया रस्त्यावर उतरल्या, तेव्हा अमेरिकेच्या छत्राखालच्या त्या देशाला लस मागवावी लागली सोव्हिएत युनियनकडून आणि कॅनडाकडून. शीतयुद्धात चढाओढ असेल आणि तिच्यातून असं काही निघत असेल तर असू दे की चढाओढ.

मग मला नक्की खुपतंय काय, हे समजायला मला बराच वेळ लागला. आणि ते समजलं एका साध्या फरकातून. कुणी रस्ता बांधून दिला, पूल बांधला, धरण बांधलं तर उद्या त्याच्याशी भांडण झालं तरी पूल तिथेच राहतो. उचलून तर नेणार नाही. पण गोळी रोज लागते. आज घेतली, उद्या परत. लशीचा दुसरा डोस लागतो, तिसरा लागतो. म्हणजे आरोग्याची मदत ही अशी भेट आहे की जी रोज सकाळी नव्याने द्यावी लागते, आणि जी रोज द्यावी लागते ती कुठल्याही सकाळी थांबवता येते. दबाव टाकायला याहून सोयीची वस्तू कुठली?

ही युक्ती औषधाच्या आधी धान्यावर वापरून झालेली आहे. १९६५ नंतर अमेरिकेचे अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी भारताला गव्हाच्या मदतीचे लांब मुदतीचे करार देणं थांबवून थोड्या थोड्या काळापुरता गहू सोडायला सुरुवात केली, 'आखूड दोरी' असं म्हणायचे त्या धोरणाला. शेती धोरण बदला, लोकसंख्या आवरा, व्हिएतनामबद्दल जरा जपून बोला, सगळं त्या दोरीला बांधलेलं. दुष्काळ चालू, आणि पुढचं जहाज निघालं का याकडे डोळे. आपल्याकडच्या मागच्या पिढीतल्या माणसांना 'मिंधा' शब्दाचा अर्थ शब्दकोशात बघावा लागत नाही तो त्यामुळे.

आता एचआयव्हीवर येते, कारण इथे माझं मत अजूनही दोन बाजूंना ओढलं जातं. जानेवारी २००३ मध्ये जॉर्ज बुश यांनी गरीब देशांना एचआयव्हीविरुद्ध मदत करणारा 'पेपफार' कार्यक्रम जाहीर केला, पाच वर्षांत १५ अब्ज डॉलर. त्या काळात आफ्रिकेत औषध होतं पण परवडत नव्हतं, माणसं सरळ मरत होती. या कार्यक्रमाने आतापर्यंत अडीच कोटी जीव वाचवले असं अमेरिका सांगते, आणि अगदी काटछाट करून धरलं तरी तो आकडा प्रचंडच राहतो. हेच बुश त्याच वर्षी इराकमध्ये घुसले. एका हाताने हे आणि एका हाताने ते, आणि मी दोन्हीची वजाबाकी करायला जाते आणि अडकते. होत नाही ती वजाबाकी.

पण अटी बघा. सुरुवातीच्या कायद्यातच होतं की प्रतिबंधासाठीच्या पैशातला एक तृतीयांश 'लग्नापर्यंत संयम' शिकवण्यावर खर्च करायचा. पैसे घेणाऱ्या संस्थेने वेश्याव्यवसायाच्या विरोधात आहोत असं लेखी द्यायचं. आता एड्स रोखायचा तर ज्या बायकांना सोबत घेतल्याशिवाय एक पाऊल पुढे पडत नाही, त्यांच्याच विरोधात आधी सही करा आणि मग त्यांच्या दारात कंडोम घेऊन जा. ब्राझीलने २००५ मध्ये सुमारे ४ कोटी डॉलर सरळ नाकारले. भीक नको पण कुत्रं आवर. पण असं म्हणायला ब्राझीलसारखी ऐपत लागते, त्यांच्याकडे स्वतःचा मोफत औषधांचा कार्यक्रम होता, स्वतःचे कारखाने होते. ज्याच्याकडे नाही तो सही करतो.

आणि गर्भपाताबद्दलचा तो नियम, रेगन यांच्या काळात १९८४ मध्ये मेक्सिको सिटीच्या परिषदेत जाहीर झाला. परदेशी संस्था अमेरिकेचा पैसा घेत असेल तर तिने गर्भपाताचा सल्लासुद्धा द्यायचा नाही, अगदी दुसऱ्या कुणाच्या पैशाने पण नाही. १९९३ ला क्लिंटननी काढला, २००१ ला बुशनी आणला, २००९ ला ओबामांनी काढला, २०१७ ला ट्रम्पनी आणला आणि तोही जवळजवळ सगळ्या आरोग्य मदतीला लावला, २०२१ ला बायडननी काढला, २०२५ ला परत आला. लाइटचं बटण असावं तसं. हजारो मैलांवरच्या दवाखान्यातल्या नर्सने एखाद्या बाईला काय सांगायचं आणि काय नाही, हे अशा निवडणुकीवर ठरतं जिच्यात ना त्या नर्सला मत आहे ना त्या बाईला. रिपोर्ट लिहिणारी म्हणून मला अजून एक चित्र दिसतं, ते म्हणजे दर चार-आठ वर्षांनी तीच माणसं बसून तेच माहितीपत्रक बदलतायत, एक परिच्छेद काढतायत, परत घालतायत.

हे फक्त अमेरिकेचं नाही, म्हणूनच 'पाश्चिमात्यांचा डाव' वगैरे वाचलं की मला कंटाळा येतो. निकाराग्वाने ९ डिसेंबर २०२१ ला तैवानशी संबंध तोडून चीनशी जोडले आणि तीनच दिवसांत सिनोफार्म या चिनी लशीचे २ लाख डोस घेऊन विमान उतरलं. तीन दिवस! त्याच वर्षी लिथुआनियाने २.३ कोटी लोकांच्या तैवानला २० हजार डोस जाहीर केले, वैद्यकीय हिशोबाने समुद्रात थेंब, पण तो थेंब लसीचा नव्हताच, तो निरोप होता आणि चीनला बरोबर पोचला. क्युबाचे डॉक्टर १९६३ पासून जगभर जातायत, इबोलाच्या वेळी इतर लोक पळत असताना ते गेले, त्याबद्दल मनापासून आदर, पण त्यांच्या पगाराचा मोठा भाग सरकार ठेवून घेतं आणि २०१८ मध्ये ब्राझीलच्या नव्या अध्यक्षांशी बिनसल्यावर क्युबाने तिथले ८ हजारांहून जास्त डॉक्टर काही आठवड्यांत परत बोलावले. ज्या गावांत दुसरा डॉक्टर नव्हता त्या गावांना या भांडणाशी काही देणंघेणं नव्हतं.

आणि आपण? मला हे लिहायचं टाळता आलं असतं, पण मग बाकीचं लिहायचा हक्क राहत नाही. २० जानेवारी २०२१ ला इतर देशांना कोविडची लस पाठवायची आपली 'व्हॅक्सिन मैत्री' सुरू झाली, पहिल्या दिवशी भूतान आणि मालदीव. खोक्यांवर भारतीय जनतेकडून भेट असं छापलेलं, फोटो बघून मला चक्क भरून आलं होतं (आणि मग लगेच ती लोगोची पीडीएफ आठवली). भूतानने आपल्याकडून मिळालेल्या साडेपाच लाख डोसांच्या जोरावर मार्चअखेर ते एप्रिल अशा दोनेक आठवड्यांत जवळजवळ सगळ्या प्रौढांना पहिला डोस देऊन टाकला, जगाने कौतुक केलं. आणि मग आपल्याकडे दुसरी लाट आली. निर्यात थांबली. ती थांबायलाच हवी होती असं मला तेव्हाही वाटलं आणि आताही वाटतं, घरात माणसं ऑक्सिजनसाठी तडफडत असताना कुठला देश लस बाहेर पाठवेल. पण भूतानच्या बाजूने बघा, सगळा देश पहिला डोस घेऊन बसलाय आणि दुसऱ्याचा पत्ता नाही. शेवटी जुलैमध्ये अमेरिकेकडून मॉडर्नाचे ५ लाख डोस आले, डेन्मार्ककडून आले, आणि लोकांनी दुसरा डोस वेगळ्या लशीचा घेतला. कुणाचाही वाईट हेतू नसताना, नीट मैत्री असताना सुद्धा, घेणारा असाच दाराकडे बघत राहतो.

हेतू वाईट असेल तर काय होतं याचा सगळ्यात मोठा धडा पाकिस्तानात आहे आणि त्याचे दोन भाग एकाच परिसरातले आहेत हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं. ऑक्टोबर २००५ च्या भूकंपात तिकडे ७३ हजारांवर माणसं गेली. अमेरिकेची चिनूक हेलिकॉप्टरं आली, जगभरातून डॉक्टर आले, क्युबाचे पण आले. चार वर्षांनी अभ्यासकांनी जाऊन विचारलं तर दिसलं की भूकंपाच्या रेषेजवळ राहणाऱ्यांचा, म्हणजे ज्यांनी परदेशी माणसं प्रत्यक्ष मदतीला आलेली पाहिली त्यांचा, परदेशी माणसांवरचा विश्वास लांब राहणाऱ्यांपेक्षा जास्त होता. एवढ्या वर्षांनंतर सुद्धा. आणि त्याच पट्ट्यात अबोटाबाद आहे.

२०११ मध्ये अमेरिकेच्या सीआयए या गुप्तहेर संस्थेला बिन लादेन तिथल्या एका घरात आहे का याची खात्री करायची होती, म्हणून डॉक्टर शकील आफ्रिदी यांच्यामार्फत हेपटायटिस बी ची लसीकरण मोहीम काढली. लस खरी होती, हे लक्षात घ्या. मोहीम खोटी. बातम्यांनुसार सुरुवात एका गरीब वस्तीतून केली म्हणजे संशय नको. या लशीचे तीन डोस लागतात. पहिला दिला, आणि महिन्याभराने दुसरा द्यायची वेळ आली तेव्हा टीम त्या वस्तीत गेलीच नाही, लादेनचं घर होतं त्या बिलाल टाउनमध्ये गेली. मला या सगळ्या थरारक गोष्टीत, हेलिकॉप्टरं, कमांडो, मध्यरात्र, यात तेच एक खटकत राहतं. त्या वस्तीतल्या बायका दुसऱ्या डोससाठी वाट बघत बसल्या असतील का?

त्या जुलैत बातमी फुटली. पुढच्या वर्षी जूनमध्ये वझिरिस्तानात तालिबानी कमांडरांनी पोलिओ लसीकरणावर बंदी घातली, डिसेंबर २०१२ पासून पोलिओचे डोस पाजणाऱ्यांवर गोळ्या झाडायला सुरुवात झाली, त्यात बहुतेक बायका, तुटपुंज्या मानधनावर दारोदार फिरणाऱ्या. तालिबानला निमित्त हवंच होतं, ते कबूल, अफवा आधीपासून होत्याच. पण 'लस देणारे हेर असतात' ही जी वेड्याची बडबड होती ती खरी करून दाखवली ना तुम्ही. व्हाइट हाउसने मे २०१४ मध्ये लिहून दिलं की सीआयए यापुढे लसीकरणाचा असा वापर करणार नाही. चांगलं झालं. पण ते पत्र वाचणार कोण, दार बंद करून घेतलेली बाई?

आणि यातून काही शिकले म्हणावं तर कोविडच्या काळात, रॉयटर्सने २०२४ मध्ये उघड केल्याप्रमाणे, अमेरिकेच्या लष्कराने फिलिपिन्समध्ये खोटी सोशल मीडिया अकाउंट्स चालवून चीनच्या लशीबद्दल संशय पसरवला. तेव्हा त्या देशात मिळण्यासारखी मुख्य लस तीच होती. म्हणजे आपली लस देऊन प्रभाव पाडणं ही झाली एक पायरी, दुसऱ्याची लस लोकांनी घेऊ नये म्हणून प्रयत्न करणं ही त्याच्या खालची, आणि मला वाटतं याच्या खाली पायऱ्या नसाव्यात पण काय सांगावं.

नायजेरियाच्या कानोमध्ये २००३ मध्ये पोलिओ लस नाकारली गेली तेव्हा सगळ्यांनी अडाणी म्हणून मोकळं केलं. पण त्याच कानोमध्ये १९९६ च्या मेनिंजायटिसच्या साथीत फायझरने मुलांवर एका औषधाची चाचणी केली होती, ज्यावरून वर्षानुवर्षं खटले चालले आणि २००९ मध्ये राज्याशी ७.५ कोटी डॉलरची तडजोड झाली. लोक विसरलेले नव्हते एवढंच. बहिष्कार मिटला तो इंडोनेशियातून, म्हणजे मुस्लिम देशातून लस आणल्यावर. थेंब तेच. पाठवणारं नाव वेगळं. दादांचा लोगोचा नियम इतका खरा असेल असं वाटलं नव्हतं.

घेणारी सरकारं काही बिचारी नसतात, हेही सांगायला हवं. २००१ मध्ये नायजेरियातल्या अबुजात आफ्रिकी देशांनी ठरवलं होतं की बजेटचा किमान १५ टक्के भाग आरोग्यावर खर्च करू. बहुतेकांनी तो आकडा गाठलाच नाही. बाहेरून औषधं येतायत, मग आपला पैसा दुसरीकडे वळवा, हे फार सोयीचं असतं. मिंधेपणा सरकारला परवडतो, कारण गप्प बसायचं काम मंत्र्याचं आणि गोळी चुकण्याचं काम दुसऱ्या कुणाचं.

मग २० जानेवारी २०२५ ला ट्रम्प यांनी परदेशी मदत ९० दिवस थांबवायचा आदेश काढला. तेव्हा पेपफारच्या आधाराने सुमारे २ कोटी माणसं रोज औषध घेत होती. आठवड्याभराने जीव वाचवणाऱ्या मदतीला सूट दिली, पण कागदावर सूट आणि पैसे पाठवायची यंत्रणाच ठप्प, त्यामुळे बरेच दवाखाने बंदच. मार्चमध्ये यूएसएडचे, म्हणजे परदेशी मदत देणाऱ्या अमेरिकी सरकारी संस्थेचे, ८३ टक्के कार्यक्रम रद्द केल्याचं परराष्ट्रमंत्री रुबिओंनी सांगितलं आणि १ जुलैला ती १९६१ सालची संस्था संपली. त्यानंतर नवी पद्धत आली, एकेका देशाशी वेगळा करार. डिसेंबरमध्ये केनियाशी पहिला झाला, पाच वर्षांत १.६ अब्ज डॉलर, आणि काही दिवसांतच तिथल्या कोर्टाने नागरिकांची आरोग्यविषयक माहिती अमेरिकेला देण्याचा भाग थांबवला. आवळा देऊन कोहळा म्हणतात तो हाच की काय, माहिती म्हणजे आजचा कोहळाच. पण खरं सांगू, मला त्यात नवल वाटलं नाही, उलट पहिल्यांदा कुणीतरी भागीदारी वगैरे न म्हणता व्यवहार म्हणतंय याचं विचित्र हायसं वाटलं. व्यवहारात निदान घासाघीस तरी करता येते.

माझी एक जुनी सहकारी अजून अशाच कामात आहे, दुसऱ्या प्रकल्पात, कुठला ते सांगत नाही. २०२५ च्या त्या फेब्रुवारीत, मदत थांबली तेव्हा, तिचा फोन आला. आम्ही दोघी पूर्वी जी शीट भरायचो त्यात एक रकाना असायचा, 'उपलब्ध साठा (महिने)'. मी तो कधी मन लावून भरला नाही, खालून आलेला आकडा वर चिकटवायचा, तीन, चार, अडीच, पुढचा रकाना. ती म्हणाली, "अगं, पोर्टल उघडतच नाहीये, लॉगिन घेत नाही, मेलला उत्तर नाही, रिपोर्टची तारीख परवाची आहे." मी म्हटलं, मग सोड ना, बघणारंच कुणी नाही तर भरतेस कशाला. ती थोडा वेळ गप्प होती. मग म्हणाली की भरून झालाय, साठ्याच्या रकान्यात दीड आलंय, आणि फाइल तिने डेस्कटॉपवर सेव्ह करून ठेवलीये, कुणाला पाठवायची ते कळलं की पाठवेल.